इथे सगळे हसतात

बिसेन गुरुजी गोष्ट सांगता सांगता मध्येच थांबत. श्वास घ्यायला नव्हे. गोष्ट ऐन रंगात आलेली असे, समोरच्या बाया-माणसांनी माना पुढे काढलेल्या असत, आणि गुरुजी पुस्तकात बोट घालून ते मिटत, खुर्चीवरून उठत आणि कोपऱ्यातल्या माठाकडे जात. पेलाभर पाणी पिऊन झालं की मिशा पुसत म्हणत, "पुढचं वहीत हाये. ज्याले पाह्यजे त्यानं वाचून घ्यावं." मग टोपी घालून सरळ घरची वाट धरत. मागे राहिलेली मंडळी शिव्या मात्र मला घालत, कारण ती वही माझ्या कपाटात होती आणि मी वाचनालयाचा ग्रंथपाल होतो.

ग्रंथपाल हा शब्द आमच्या वाचनालयाला जरा मोठाच होतो. सौंदड स्टेशनापासून दोन मैलांवर आमचं गाव. ग्रामपंचायतीच्या जुन्या खोलीत दोन कपाटं, एक लांब टेबल आणि एक तारखेचा शिक्का, एवढा सगळा कारभार. गुरुजी सचिव होते आणि मी पगारी. सकाळी झाडू मारायचा, दुपारी पेपर टेबलावर पसरायचा आणि कोणी चुकून पुस्तक नेलंच तर त्याच्या चिठ्ठीवर शिक्का मारायचा. शिक्का मी फार सुबक मारत असे. तिरका झालेला मला खपत नसे.

गुरुजी आमच्या जिल्हा परिषदेच्या शाळेत पाचवी ते सातवीला इंग्रजी शिकवून निवृत्त झालेले. अंगाने किरकोळ, आवाज मात्र बांधावरून पलीकडच्या शेतात जाईल असा. छापलेला कागद दिसला की त्यांचा हात आपोआप चष्म्याकडे जाई. भज्यांचा पुडा हातात आला तर आधी कागद वाचायचा, मग भजी खायची. तोवर भजी गार होऊन जात. लिखाणावर त्यांचा भारी विश्वास. "तोंड काहीबी बोलते बाबू, पेन नाही बोलत," असं ते म्हणत. आपल्या पोवार जातीच्या पूर्वजांवरही त्यांचा एक राग होता. "माळव्यातून इतल्या दूर चालत आले, पण कोनी चार ओळी लिहून नाही ठेवल्या. काऊन निघाले, रस्त्यात काय खाल्लं, काही पत्ता नाही. आता आपुन निसतं अंदाजानं सांगून राहिलो."

१९९९ साली पेन्शनच्या कामासाठी गोंदियाला जायला म्हणून ते कोहमाऱ्याच्या चौकात बसची वाट पाहत होते. तिथल्या ढाब्यापुढे रद्दीचा एक ट्रक बिघडून उभा होता. परदेशातून आलेली रद्दी, कुठल्याशा कागद कारखान्याकडे चाललेली. एक गठ्ठा फुटला होता आणि ढाबेवाला त्यातली पानं फाडून चुलीला लावत होता. गुरुजींनी चुलीजवळ जाऊन पाहिलं तर इंग्रजी पुस्तकं. ढाबेवाला म्हणाला, "ले जाओ गुरुजी, अपने तो जलाने के काम की है." दोन पुस्तकं शाबूत निघाली. बस गेली, पेन्शनचं कामही त्या दिवशी राहिलं, आणि गुरुजी दोन पुस्तकं काखेत मारून पायीच घरी आले.

एक होतं अमेरिकेच्या खेड्यापाड्यांतल्या गमतीच्या गोष्टींचं. दुसऱ्यात असं सांगितलेलं होतं की अमेरिकेत लोकांचं वाचन सुटत चाललंय, शाळा शिकलेली माणसंही पुस्तकाला हात लावत नाहीत. गुरुजींचा या दुसऱ्या पुस्तकावर महिनाभर विश्वासच बसला नाही. "जिथं घरोघरी पुस्तकं, तिथले लोक वाचणं सोडून राहिले? उद्या म्हणशील जेवणं सोडलं!" पण पुराव्याला पहिलं पुस्तक होतंच. त्याच्या आतल्या बाजूला तिकडच्या वाचनालयाची चिठ्ठी चिकटवलेली होती. तिच्यावर चार-पाच तारखा आणि मग नुसती कोरी जागा. खाली शिक्का, हे पुस्तक यादीतून काढून टाकले आहे. गुरुजींनी ती कोरी जागा मला बोटाने दाखवली. "पाय, इतल्या वर्षांत याले कोनी हात नाही लावला. आपल्याकडं असा शिक्का एका बी पुस्तकावर नाही पडला पाह्यजे."

या बोलण्यामागे त्यांचं एक दुखणं होतं. निवृत्तीच्या आधी साक्षरतेच्या मोहिमेत त्यांनी बिडी वळणाऱ्या अकरा बायांना दुपारच्या वर्गात लिहायला-वाचायला शिकवलं होतं. शेवटी प्रत्येकीला स्वतःच्या सहीने दाखला दिला होता, ही बाई लिहू-वाचू शकते. पुढे दोन-तीन वर्षांत दहा जणी पुन्हा अंगठ्यावर आल्या. उरली एक पार्बताबाई. तिला वाचता येतं असं सगळे म्हणत, पण वाचताना तिला कोणी पाहिलेलं नव्हतं. गुरुजींचा जीव त्या एका दाखल्यात अडकलेला. "दहा तं खोटे ठरले. अकरावा खरा हाये का, येवढं मले समजलं पाह्यजे," असं ते मला कितीदा म्हणाले असतील.

त्या पावसाळ्यात ते घराबाहेर फारसे पडलेच नाहीत. इंग्रजी पुस्तक, जाडजूड डिक्शनरी आणि एक दोनशे पानी वही घेऊन बसले. मध्ये एकदा मी गेलो तर वैतागलेले दिसले. म्हणाले, "यातली माणसं आपल्यासारखी गावठी बोलतात रे. डिक्शनरीत नाही भेटत." मी हसलो, तेही हसले. पोळ्याच्या सुमारास त्यांनी बावीस गोष्टींची ती वही आणून माझ्यापुढे ठेवली. माझ्याकडून रजिस्टरात रीतसर नोंद करून घेतली, आत चिठ्ठी चिकटवायला लावली आणि आपला बेत सांगितला. दर शनिवारी दुपारी ते एक गोष्ट अर्धी सांगणार. उरलेली ज्याची त्याने वहीतून वाचायची. "आवडीनं वाचतीन. अन् एकदा गोडी लागली तं थांबत नाहीत."

पहिल्या शनिवारी खोली भरली. गोष्ट एका कुत्र्याची होती. अमेरिकेतल्या कुठल्या खेड्यात एकाकडे असा कुत्रा होता की जो खोटं बोलेल त्याच्यावर भुंकायचा. गावकऱ्यांनी ठरवलं, निवडणुकीच्या सभेत त्याला नेऊन बसवायचं. उमेदवार उभा राहिला, बोलायला लागला. रस्ता देईन म्हणाला, पूल देईन म्हणाला, आणि कुत्रा गप्प. सगळे कुत्र्याच्या तोंडाकडे पाहताहेत. गुरुजी पाणी प्यायला उठले.

दुसऱ्या दिवशी कपाटापुढे रांग लागेल म्हणून गुरुजींनी मला लवकर उघडायला सांगितलं होतं. कोणीही आलं नाही. दुपारी एकटी पार्बताबाई आली. तिनेच सांगितलं ते असं. बिडीवाल्या गल्लीत बायांनी बसून ठरवलं होतं की सगळ्यांनी वाचायची काय गरज आहे. बाजाराला जशी एक जण जाते आणि साऱ्यांचं मीठ-मिरची आणते, तसं एकीने वाचावं आणि बाकीच्यांना सांगावं. ज्या दिवशी ती वाचेल त्या दिवशी तिच्या वाट्याच्या बिड्या बाकीच्यांनी वळून द्याव्या. "माह्यावर आली पाळी," ती म्हणाली. मी चिठ्ठीवर शिक्का मारला आणि वही दिली.

सोमवारी दुपारी तिच्या अंगणात बाया मांडीवर सूप घेऊन बसल्या आणि तिने शेवट सांगितला. संध्याकाळपर्यंत तो स्टेशनच्या चहाच्या टपरीवर पोचला. कुत्रा गप्प का? तर त्या दिवशी सकाळीच त्याचा मालक बायकोला सांगून राहिला होता की आजपासून मी दारू सोडली. तेव्हा भुंकून भुंकून कुत्र्याचा घसा बसला होता. टपरीवर माणसं चहा सांडेपर्यंत हसली. दोघे-तिघे जरा कमी हसले, त्यांच्या घरी बहुधा त्याच सकाळी तसं बोलणं झालं असावं.

गुरुजींनी तो शेवट न्हाव्याकडे दाढी करताना ऐकला. न्हावी सांगतो, ते इतके हसले की वस्तरा बाजूला घ्यावा लागला. मग एकदम उठले आणि अर्ध्या दाढीचं तोंड पुसून तसेच माझ्याकडे आले.

"वही तू वाचली का रे?"

"वाचली ना जी," मी म्हणालो. खरं तर मी ती उघडलीही नव्हती. सोमवारी आयतं कानावर पडत असताना वाचायचे कष्ट कोण घेणार?

"मंग कुत्र्याचा शेवट असाच हाये त्यात?"

"असाच जी. थोडा इकडंतिकडं."

गुरुजींनी माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. रागावले म्हणावं तर तसंही नाही. मग दुसरं पुस्तक, ते वाचन सुटल्याचं, कपाटातून काढून घेतलं आणि निघून गेले. काय झालं ते मला काही कळलं नाही. मी उरलेले पेपर घडी घालून ठेवले.

पुढे हाच क्रम झाला. शनिवारी गुरुजींचं अर्धं, सोमवारी पार्बताबाईचं अर्धं. विहिरीची गोष्ट तर आमच्याकडे अजून सांगतात. एक विहीर इतकी खोल होती की बापाने सोडलेली बादली पोराने वर ओढली. बादली जड लागली, साऱ्या गावाने दोर धरला, बादली काठाशी आली, आणि गुरुजी उठले. सोमवारी कळलं की बादलीत आमच्या गावची एक बाई होती. अमेरिका आपल्या पायाखालीच असल्यामुळे ती आपल्या विहिरीतून थेट तिकडे निघाली होती आणि वर येताच तिने विचारलं, "माही घागर कोन नेली?" गर्दी वाढत गेली. पलीकडच्या गावचे लोक यायला लागले. हजेरीच्या वहीत सह्या आणि अंगठे मावेनात. पुस्तकं मात्र कपाटात होती तिथेच होती.

आनंदी व्हावं की नाही, हे गुरुजींना ठरवता येत नव्हतं. "मी वाचणारे तयार करून राहिलो का ऐकणारे?" असं विचारत. दुसऱ्या पुस्तकातलं एक म्हणणं त्यांच्या मनात रुतून बसलं होतं. ज्याला वाचता येत नाही तो एक. पण ज्याला येतं आणि तरी जो वाचत नाही, तो त्याच्यापेक्षा वेगळा कसा? हे सांगताना ते खिडकीबाहेर पाहत आणि मी टेबल पुसत असे. त्यांच्या खऱ्या काळजीवर मात्र ते पुन्हा पुन्हा येत. "पार्बताबाई जे सांगते ते वहीत नाही. ती वाचून राहिली का मनानं रचून राहिली? वाचली असती तं माह्याकडं आली असती. एक गोष्ट विचाराले तरी आली असती."

"काय विचारायला जी?" मी म्हटलं.

"ते जाऊ दे," ते म्हणाले.

एकदा त्यांनी तिची परीक्षा घ्यायचं ठरवलं. मला सोबत घेतलं. पेपर काखेत धरून तिच्या अंगणात गेलो. ती दाराशी बसून बिड्या वळत होती. गुरुजी म्हणाले, "बाई, चष्मा घरी राहिला. हे वरचं येवढं वाचून दाखव." चष्मा त्यांच्या खिशातून अर्धा बाहेर आला होता. तिने तो पाहिला, मान खाली घातली आणि म्हणाली, "माहे हात तंबाखूचे हायेत गुरुजी. पेपर खराब होईन." गुरुजींनी पेपर स्वतः धरून तिच्यापुढे नेला. ती उठून चहा ठेवायला आत गेली ती चहा घेऊनच बाहेर आली, आणि मग भातपिकाबद्दल बोलत राहिली. माझ्या मते तर निकाल लागला होता. बाईला वाचता येत नाही. पण मला तसं म्हणवेना आणि गुरुजींनाही ते मानवेना.

बावीस गोष्टी संपल्या की गुरुजी पुन्हा पहिलीपासून सुरू करत. लोकांना चालत असे, कारण पार्बताबाईचा शेवट दर फेरीला थोडा फुलत जाई. अशी कितीतरी वर्षं गेली. गावात मोबाइल आले, पेपर वाचायला येणारेही कमी झाले. मग गुरुजींच्या डोळ्यांत काचबिंदू उतरला. आधी अक्षरं गेली, मग माणसं. शनिवार बंद पडला. पार्बताबाई तरी वही नेत राहिली, आणि मी शिक्का मारत राहिलो.

भातकापणीच्या दिवसांत मी त्यांना भेटायला गेलो तेव्हा ते खाटेवर उठून बसले होते. आवाज तेवढा तसाच होता.

"बाबू, एवढं एक समजलं असतं तं बरं झालं असतं. बाई वाचत होती का?"

"वाचत होती ना गुरुजी," मी लगेच म्हणालो. आजारी माणसाला दुसरं काय म्हणणार?

"तुले कसं माहीत? तू तं वही उघडलीच नाही."

त्यांना माझं तोंड दिसत नव्हतं, त्याचा मला त्या क्षणी आधार वाटला. याची लाज आजही वाटते.

"पहिल्याच दिवशी समजलं मले," ते म्हणाले. "शेवट असाच हाये म्हणालास तेव्हा. त्यात काय लिहिलं हाये ते मले माहीत हाये ना." मग हात चाचपत माझ्या मनगटाशी आणला. "आता तरी उघड अन् मले सांग."

मी हो म्हणालो. दुसऱ्या दिवशी माझ्या शेतात कापणी होती. तिसऱ्या दिवशी मळणी. वही तेव्हा पार्बताबाईकडे होती, ती आणायला मुद्दाम कुठे जायचं, परत आली की पाहू असंही वाटलं. आठव्या दिवशी सकाळी गुरुजी गेले.

तेरवी झाल्यावर वही परत आली. मी वाचनालयाचं दार लोटून घेतलं आणि ती उघडली. गुरुजींचं अक्षर शाळेच्या फळ्यावर असायचं तसंच, गोल आणि सरळ. कुत्रा गप्प बसला तिथवर गोष्ट नीट लिहिलेली. त्याखाली एवढंच होतं: "इथे सगळे हसतात. का हसतात ते मला समजले नाही."

मी पान उलटलं. विहिरीची बादली काठाशी आली, आणि पुन्हा तेच वाक्य. तिसरी गोष्ट, तेच. बावीसच्या बावीस गोष्टींखाली तेच. आयुष्यभर इंग्रजी शिकवलेल्या माणसाला त्या गावठी इंग्रजीतले विनोद उमगले नव्हते. तोंडाने त्यांनी ते झाकलं, पाणी प्यायला उठत राहिले. पण लिहून खोटं बोलणं त्यांना जमलं नाही. आपण उघडे पडू हे ठाऊक असून त्यांनी ती वही कपाटात ठेवली होती, आणि वाचणारा कोणी येऊन "गुरुजी, यात तं शेवटच नाही" असं म्हणेल याची वर्षानुवर्षं वाट पाहिली होती.

आणि प्रत्येक वाक्याखाली पेन्सिलीने, वाकड्या, मोठ्या अक्षरांत दुसरं काही लिहिलेलं होतं. पहिल्या गोष्टीखाली: "गुरुजी मले बी नाही समजला. तुमचा नाव खराब होईन मनून मी मनानं सांगतलं." विहिरीखाली: "हे बी नाही समजला. मी आपल्या गावची बाई टाकली." पुढच्या पानांवर अक्षर जरा सुधारलेलं, ओळी सरळ होत गेलेल्या. आणि प्रत्येक पानाच्या तळाशी, अगदी शेवटच्या गोष्टीपर्यंत, एकच विनंती: "बरोबर लिवला असन तं टिक मारजा."

एकाही पानावर टिक नव्हती. गुरुजींच्या अक्षराखेरीज शाईचं एकच चिन्ह त्या वहीत होतं, माझा शिक्का. चिठ्ठीवर ओळीने, एकही तिरका नसलेला.

मी वही घेऊन पार्बताबाईकडे गेलो. ती एकटीच बिड्या वळत होती. वही पुढे ठेवून मी काही बोलायच्या आत तिनेच विचारलं, "बाबू, गुरुजीनं वही पायली होती का कधी?"

पुन्हा हो म्हणावं असं फार वाटलं. तोंडावर आलंही होतं.

"नाही मावशी," मी म्हणालो. "एकदा आणून दिली ती दिली, मग त्यांनी हात लावला नाही. अन् मी उघडली नाही. मी उघडली असती तं त्यायले समजलं असतं. शेवटपर्यंत तेच विचारत होते, तुम्ही वाचता का म्हणून."

तिचे हात थांबले. "मी तं समजत होती का ते वाचून गप्प बसले," ती म्हणाली. "मले वाटे, लिवण्यात चुका असतीन, मनून टिक नाही मारत. त्यायच्यासमोर वाचाची लाज वाटे मले, अडकत अडकत वाचते मी. मनून तं लिवलं." पदराने डोळे पुसताना तंबाखू लागून ते आणखी लाल झाले. मग तिने वही माझ्याकडे सरकवली. "आता तूच मार टिक."

मी खिशातून पेन काढलं आणि पहिल्या पानाच्या तळाशी टेकवलं. तिने माझा हात धरला.

"न वाचता नोको मारू, बाबू. बस अठी. वाच आधी."

मी तिथेच पोत्यावर बसलो आणि पहिल्या ओळीपासून वाचायला लागलो, मोठ्याने. बिड्या वळणाऱ्या दोघी-तिघी सूप घेऊन आल्या आणि बसल्या. कुत्र्यापाशी आलो, गुरुजींचं वाक्य वाचलं, तिचं वाक्य वाचलं. बाया हसल्या. मी पान उलटायला लागलो, तेवढ्यात पार्बताबाईने वही माझ्या हातातून घेतली, तंबाखूच्या हातांनीच, आणि पुढची गोष्ट अडकत अडकत वाचायला सुरुवात केली.